मोर्चा आडवा आला

अमृतमहोत्सवी स्मरणिकेसाठी लिहावे, असे शाळेचे पत्र आले, आणि लिहायला बसल्यावर मराठीच्या सरांखेरीज मला दुसरे काही सुचेना. त्यांचे नाव लिहीत नाही. ‘कोशवाले सर’ म्हटले की आमच्या पिढीला पुरेसे आहे.

1982 साल होते. गिरण्यांचा संप जानेवारीत सुरू झाला होता आणि परळ-लालबागचे रस्ते कधी अडतील याचा नेम नव्हता. एका सकाळी पाऊण तास उशिरा पोहोचलो आणि दारातूनच ‘सर, मोर्चा आडवा आला’ असे म्हणालो. त्या मोर्चात माझे वडीलही होते, हे मात्र बोललो नाही. सरांनी खडू खाली ठेवला. ‘मोर्चा कधी आडवा येत नाही रे, तो एका जागी बसतो. तूही बस.’

मधल्या सुट्टीत त्यांनी मला ग्रंथालयात नेले, कपाटातून मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी शब्दकोश काढला आणि त्या शब्दावर बोट ठेवले. वेढा घालणारे सैन्य गडावरच्या तोफांपासून बचावासाठी चर खणी, उपसलेल्या मातीचा बांध पुढ्यात रची आणि त्याच्या आडून तोफा-बंदुका चालवी; ती जागा म्हणजे मोर्चा. फारसीतल्या ‘मोर्चाल’शी त्याचे नाते आहे. म्हणूनच मोर्चे ‘लावतात’ आणि ‘बांधतात’, आणि मोर्चेबांधणी हा शब्द मुळात कुदळ-फावड्यांचा आहे. हिंदीत लोखंडावरच्या गंजालाही मोर्चा म्हणतात, हे मीच उत्साहाने सांगितले, तेव्हा ‘शब्द सारखे दिसले म्हणून सोयरिक जुळवू नये’ असे त्यांनी बजावले.

त्याच वर्षी आमची सहल वसईच्या किल्ल्यात गेली. डबे उघडण्याआधी सरांनी आम्हाला तटाशी उभे केले. तट हा संस्कृतातला, मूळचा नदीचा काठ. बुरूज अरबीतून आलेला. खंदकही अरबीतून, पण त्याच्या मुळाशी फारसीतले खणणे. मग 1739 च्या वेढ्याकडे वळून, चिमाजी आप्पांच्या सैन्याने मोर्चे कसे टप्प्याटप्प्याने तटाच्या जवळ नेले आणि सुरुंगांनी सेबास्टियन बुरूज कसा फोडला, हे ते हातवारे करून सांगू लागले, तेव्हा मी मध्येच म्हणालो, ‘सर, म्हणजे मोर्चा चालतो की!’ सर क्षणभर थांबले, मोठ्याने हसले आणि म्हणाले, ‘त्या दिवशीचा उशीर माफ.’ घरी हे सांगितले, तर वडील म्हणाले, ‘तुझ्या सरांचेही खरेच आहे; आम्ही महिनोन् महिने गिरणीच्या फाटकाशी बसूनच आहोत.’

पुढे मी वृत्तपत्रात उपसंपादक झालो आणि तीस वर्षे तेच काम केले. निवडणुका आल्या की ‘मोर्चेबांधणीला वेग’ हा मथळा कोणीतरी लावतोच. मी तो कधी खोडला नाही, पण दर वेळी मातीचा बांध डोळ्यांसमोर आला.

गेल्या वर्षी शाळेत डोकावलो, तेव्हा ग्रंथालयाच्या जागी संगणक कक्ष होता आणि ते कपाट कुठे गेले, हे कोणालाच सांगता आले नाही. कोश अडगळीत सापडला, तर त्याची बांधणी मी स्वखर्चाने करून देईन, शाळेने कळवावे.