काली हायड्रि.

छपराचे नळे परतायला गडी उद्या येणार, म्हणून आज दुपारी माळा रिकामा करायला घेतला. पायाशी मोडलेली समई, जुन्या पंचांगांचा गठ्ठा, 'यंदा टाकूच' म्हणून दरवर्षी ठेवले जाणारे मखराचे पुठ्ठे. आणि या सगळ्याच्या मागे, गोणपाटात गुंडाळलेली आजोबांची होमिओपॅथीची पेटी.

खणाखणांत बोटभर उंचीच्या बाटल्या. बुचं वाळून भुगा झालेली. बाटल्या रिकाम्या, आणि त्या कोणी रिकाम्या केल्या हे मला चांगलंच ठाऊक आहे. निम्म्या मी, निम्म्या मावसभावांनी. मे महिन्याच्या दुपारी मोठी माणसं आडवी झाली की आम्ही शिडीवरून वर. नक्स व्होमिका, बेलाडोना, पल्सेटिला... आमच्या लेखी ती औषधं नव्हतीच. एरवी कुठून आली असती इतकी साखर?

एकच बाटली गळ्यापर्यंत भरलेली. चिठ्ठीवर आजोबांचं जाड, तिरपं अक्षर : 'काली हायड्रि. ३०'. चिठ्ठीच्या वरच्या कोपऱ्यात लाल डाग, बोटाच्या टोकाएवढा.

माळा तसाच राहिला. मी शिडीच्या वरच्या पायरीवर बसले, बाटली उजेडात धरली. खाली खळ्यात कोकमाची सोलां वाळत घातली होती, त्यांचा आंबूस वास कौलांच्या फटीतून वर येत होता.

हे काली हायड्रि. म्हणजे काली हायड्रिऑडिकम. काली फॉस घरोघरी असतं, त्याच कुळातलं. आता या औषधाला काली आयोडेटम म्हणतात आणि रसायनशास्त्राच्या पुस्तकात ते निमूटपणे पोटॅशियम आयोडाइड असतं. पण एकोणिसाव्या शतकात आयोडाइड क्षारांना 'हायड्रिओडेट' म्हणायची पद्धत होती, आणि तो जुना झगा होमिओपॅथीच्या पेट्यांमध्ये बराच काळ लोंबत राहिला. ३० पॉटेन्सी म्हणजे तर शंभरात एक असं तीसदा पातळ केलेलं. मूळ पदार्थाचा एखादा कणही त्या बाटलीत सापडायची आशा नाही. राहिलं आहे ते नाव. आणि साखर.

मी वीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं आणि त्या वीस वर्षांत ज्या शब्दावरून सगळ्यांत जास्त वाद घातला तो हाच, हायड्रिऑडिक, म्हणजे हायड्रोजन आणि आयोडीनच्या आम्लाचं नाव. सहकारी म्हणायचे हायड्रोआयोडिक. नव्या पुस्तकांतही बहुधा तेच. दोन्ही चालतात, हे मला मान्य आहे. तोंडदेखलं. पण हायड्रोक्लोरिक, हायड्रोब्रोमिक ठीक. पुढे व्यंजन आहे, 'ओ' सुखानं बसतो. पुढे स्वर आला की त्यानं मागच्या 'ओ'ला गिळायला नको? एक अधिक एक एकेक, घर अधिक ई घरी. पहिला स्वर जातो, दुसरा राहतो, पररूप संधी. आपण हायड्रॉक्साइड म्हणतो ना? 'हायड्रोऑक्साइड' म्हणणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. मग एकट्या आयोडीनवर हा अन्याय का? स्टाफरूममध्ये हे सांगितलं की मराठीच्या बाई खूश व्हायच्या आणि बाकीचे चहा घ्यायला उठायचे.

तर तो शब्द मी पहिल्यांदा ऐकला तो पेजेवर.

सात-आठ वर्षांची असेन. आचऱ्याजवळच्या याच घरी. गडग्यावरून पडून गुडघा फोडून घेतला होता. आजोबा मुंबईला राहून इंटर सायन्सपर्यंत शिकलेले, पुढे शाळामास्तर झाले. होमिओपॅथीवर श्रद्धा पूर्ण, पण जखमेला मात्र टिंचर आयोडीन. त्यांनी कापसाचा बोळा फिरवला, मी भोकाड पसरलं. आजीनं समजूत म्हणून वाफाळती पेज पुढे ठेवली, उकड्या तांदळाची, बाजूला लोणच्याची फोड. आजोबा हात धुवायला गेले आणि मी टिंचरचे दोन थेंब पेजेत टाकले. का टाकले, याला उत्तर नाही. थेंब तपकिरी पडले, ढवळले, नाहीसे झाले. मला वाटलं, पचलं.

मग पेज निवत गेली. आधी कडेनं, भांड्याच्या काठाशी, निळसर रेघ आली. मग ती आत सरकली. बघता बघता अख्खी पेज शाईसारखी निळीकाळी झाली.

"अगो चेडवा, ह्यां काय केलंस!" आजी ओरडली. तिला वाटलं, पेजेला दृष्ट लागली.

आजोबा मात्र हात पुसत आले आणि चक्क खाली बसले. गरम असताना तो रंग टिकत नाही, म्हणाले, निवलं की पिठूळ पदार्थाला आयोडीन धरतं. मग आजीला लिंबू मागितलं. आजीनं ते ज्या चेहऱ्यानं दिलं तो मला अजून दिसतो. आजोबांनी अर्धं लिंबू पिळलं, चमच्यानं ढवळलं, आणि निळं फिकं होत होत पेज परत पांढरी.

"कुठं गेलं?" मी विचारलं.

"कुठं जाणार? तिथंच आहे. लिंबातून हायड्रोजन मिळाला, त्याचा हात धरून बसलंय. आता त्याचं नाव हायड्रिऑडिक आम्ल."

पुढं कळलं की ते पोरीला समजावं म्हणून सांगितलं असलं तरी खोटं नव्हतं. लिंबातलं क जीवनसत्त्व आयोडीनला आपला हायड्रोजन देऊन टाकतं, रंग जातो. पेज अर्थातच कुणाला दिली नाही. मागच्या दारी माडाच्या मुळात ओतली आणि आजीनं त्या माडाचे नारळ बरेच दिवस देवाला फोडले नाहीत.

कॉलेजात हाच पदार्थ फळ्यावर भेटला, एच आणि आय एवढी दोनच अक्षरं होऊन. सरांनी ती लिहिली की मागच्या बाकावरून 'हाय!' यायचं. एक मुलगा कोल्हापूरकडचा होता. तो म्हणायचा, "हाय की नाय ते नक्की सांगा सर." सर हसायचे नाहीत. ग्लुकोज एचआयबरोबर पुष्कळ वेळ तापवलं की हेक्झेन मिळतं, म्हणजे ग्लुकोजचे सहाही कार्बन एका सरळ रांगेत आहेत, हे ते तितक्याच गंभीरपणे सांगायचे. साखरेचं पेट्रोलच्या जातीचं काहीतरी होतं, याचं नवल एकट्या मलाच वाटलं असावं. प्रयोगशाळेत या आम्लाची एक बाटली होती, कपाटात अगदी वर. पुस्तकात 'रंगहीन' लिहिलेलं आणि बाटलीतलं पाणी तपकिरी. हवा लागली की प्राणवायू हायड्रोजन काढून घेतो आणि आयोडीन पुन्हा सुटं होऊन रंग दाखवतं, म्हणून ते तसं. प्रयोगशाळेतले मामा त्याला 'चहा' म्हणत. "तो चहा खाली काढू नका," एवढीच सूचना.

या आयोडीनचा जन्मच मुळात राखेतला. पॅरिसमध्ये बर्नार कुर्त्वा नावाचा माणूस नेपोलियनच्या लढायांसाठी बंदुकीच्या दारूला लागणारा सोरा बनवायचा. त्याला राख लागायची. लाकडाची राख पुरेना म्हणून समुद्रशेवाळाची घेतली. १८११ साली त्या राखेच्या द्रावात त्याच्याकडून गंधकाम्ल जरा जास्त पडलं आणि भांड्यातून जांभळ्या वाफा उठल्या; गार जागी त्यांचे काळे चकचकीत स्फटिक जमले. पुढे नाव ठेवलं गे-ल्युसॅक या रसायनशास्त्रज्ञानं, ग्रीक भाषेतल्या जांभळ्या रंगाच्या शब्दावरून. कुर्त्वाला १८३१ साली फ्रेंच विज्ञान अकादमीनं ६००० फ्रँक दिले, पण १८३८ मध्ये तो गेला तेव्हा घरात फारसं काही नव्हतं. मला या गोष्टीत त्या जास्त पडलेल्या आम्लाचं फार वाटतं. हात आवरता असता तर?

आमच्या इथं थंडीनंतर ओहोटीला खडकांवर तपकिरी शेवाळ लोळत पडलेलं असतं. लहानपणी आम्ही त्याचे फुगे फोडायचो. वास यायचा तो घरी टिंचरच्या बाटलीतही यायचा असं मला वाटायचं. तेव्हा नुसतंच वाटायचं. समुद्राच्या लिटरभर पाण्यात आयोडीन एका मिलिग्रॅमच्या विसाव्या भागाएवढं जेमतेम, आणि हे शेवाळ ते वेचून वेचून अंगात साठवतं. मीठ मात्र काही साठवत नाही. शिरोड्याचं मीठ समुद्रातलंच, १९३० सालचा सत्याग्रह त्या मिठागरांवर झाला, पण गलगंड टाळायला त्यात आयोडीन वरूनच घालावं लागतं. समुद्राकाठी राहून मिठात आयोडीन विकत घ्यायचं, हे आजीला शेवटपर्यंत पटलं नाही.

शाळेत मुलं विचारायची, "बाई, हायड्रोजन आयोडाइड आणि हायड्रिऑडिक आम्ल एकच ना?" एकच आणि नाही. कोरडा वायू असेल तर हायड्रोजन आयोडाइड. तो पाण्यात मुरला की आम्ल. प्रयोगशाळेत येतं ते साधारण ५७ टक्क्यांचं. तेच आम्ल एखाद्या सेंद्रिय अल्कलीला, म्हणजे क्विनीनसारख्या कुणाला, चिकटलं की झालं हायड्रायोडाइड. मुलांच्या डोळ्यांत धुकं. मग मी खडू ठेवायचे आणि विचारायचे, झाडावर लागतं ते काय? "रातांबा!" सावंतवाडीकडची पोरं म्हणायची, "भिरंड!" साल काढून रसाची पुटं देत उन्हात वाळवली की? "सोलां!" पुण्याहून बदलून आलेल्या साहेबांचा मुलगा हळूच म्हणायचा, "आमसूल." मीठ घालून ठेवलेला रस? "आगळ!" नारळाच्या दुधात? सगळा वर्ग एका सुरात, "सोलकढी!" मग कोण मला सांगेल, हे सगळं एकच आहे की वेगवेगळं?

घंटा व्हायची. या प्रश्नाचं उत्तर मी कधी दिलं नाही, आणि परीक्षेतही ते कधी आलं नाही. कोकम सरबताच्या जातीचं एक हायड्रिऑडिकही एकेकाळी होतं म्हणे. 'म्हणे' म्हणायची गरज नाही, होतंच : अमेरिकेत या आम्लाचं सिरप औषधाच्या दुकानात मिळायचं, खोकल्यावर. साखरेच्या पाकात ते जरा उशिरा तपकिरी होतं.

पण हे सगळं 'हायड्रि.'बद्दल झालं. चिठ्ठीवर त्याच्या आधी 'काली' आहे.

आजीनं त्या बाटलीला आम्हाला कधी हात लावू दिला नाही. "देवीच्या नावाचां औषध तां. हात धुवन घे आधी." बाकीच्या बाटल्यांवर आमचे डल्ले चालायचे, हिच्या वाटेला कुणी गेलं नाही. एक मावसभाऊ तर धीट, मधमाश्यांच्या पोळ्यात हात घालणारा, पण तोही ती बाटली सोडून पलीकडची उचलायचा. दर नवरात्रात आजी पेटी खाली काढायला लावायची आणि त्या एका चिठ्ठीवर कुंकवाचं बोट टेकवायची. आजोबा पाहायचे आणि काही बोलायचे नाहीत. ते स्वतः सर्दी झाली की त्यातल्याच चार गोळ्या घ्यायचे. कोकणातल्या पावसात सर्दी त्यांना आषाढ ते अश्विन असायची.

कॉलेजात गेल्यावर मला शहाणपण आलं. 'काली' हा शब्द अरबी, झाडं जाळून केलेल्या खारट राखेचा. अल्कली त्यातूनच आला. देवीचा काही संबंध नाही. आजोबा जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं. सुट्टीत आले तर आजी खळ्यात बसून सोलां उलटत होती, हात मनगटापर्यंत लाल. मी तिच्यासमोर उभं राहून तिला हे सगळं समजावलं. काली म्हणजे राख, आजी. नुसती राख.

तिनं मान वर केली नाही.

"माका ठावक आसा. तुझ्या आजोबांनीच सांगितलेलां."

"मग कुंकू कशाला लावायचीस?"

"त्यांचां सर्दीचां औषध तां. देवीचां म्हटलां की पोरां हात लावची नाय." आणि एक सोल उलटून म्हणाली, "बाकीच्या बाटल्यांचां काय झालां, तां बघलंय मी."

आजीलाही जाऊन आता बरीच वर्षं झाली. ऊन उतरायला लागलंय, खालून सून विचारतेय की माळा झाला का. बाटलीतल्या गोळ्या पिवळट पडल्यात, एकमेकींना चिकटल्यात, पण हलवलं की दोन-चार सुट्या होऊन वाजतात. एखादी तोंडात टाकून बघावी म्हणून बुचाला हात घातला.

मग बाटली होती तशी पायरीवर ठेवली, खाली उतरले, आणि मागच्या दारी जाऊन आधी हात धुतले.