नोंद ११ : पडदा अखेर वाळला

काल सकाळी पडद्याच्या रंगाच्या चाचणीसाठी केलेल्या चौदाव्या पट्टीवर बोट टेकवलं आणि ते कोरडंच उचललं गेलं. चिकटलं नाही, मागे ठसाही राहिला नाही. जूनच्या शेवटापासून मी याचीच वाट बघत होते. म्हणून आज बाकी सगळं बाजूला ठेवून आधी ही नोंद.

सतराव्या शतकातला डच चित्रकार व्हर्मीर याच्या ‘मोत्याचा डूल घातलेली मुलगी’ची मी करत असलेली प्रत, मूळ मापातली, ४४.५ बाय ३९ सेंटिमीटरची, पाऊसभर तपकिरी आराखडा होऊन भिंतीला टेकून उभी होती. आठव्या नोंदीत ठरवलं होतं तसं, व्हर्मीरच्या क्रमानेच जायचं. हेगच्या मॉरिट्सहाउसमध्ये २०१८ साली जी तपासणी झाली, तिच्यात तो मागून पुढे येत गेला हे दिसलं. आधी तपकिरी-काळ्या जाड फटकाऱ्यांचा आराखडा, मग पार्श्वभूमी, मग मुलगी. त्यामुळे पार्श्वभूमी अडली की सगळंच अडलं.

आणि अडली ती त्या हिरव्यावर. आपण सगळे ज्याला काळं मोकळं अवकाश समजत होतो, तिथे हिरवा पडदा होता. उजवीकडे वरच्या कोपऱ्यात त्याच्या तिरप्या चुण्या होत्या. काळपट थरावर नीळ आणि वेल्ड या रोपाचा पिवळा मिसळून केलेलं ग्लेझ, म्हणजे रंगाचा पातळ पारदर्शक थर. उजेडाने आणि काळाने तो रंग मेला आणि खालचा अंधार तेवढा उरला. ज्या दिवशी हे वाचलं, त्या दिवसापासून मला ती मुलगी काळ्यापुढे बघवत नाही. तिच्यामागे कापड आहे, ती एका खोलीत उभी आहे.

वेल्ड आपल्याकडे उगवत नाही. ट्यूबमधला सॅप ग्रीन वापरा असं दोघांनी सुचवलं होतं. लावून बघितला. तो काळ्यावर एकसारखा, सपाट, खिडकीला लावलेल्या रंगीत फिल्मसारखा बसतो. मला दोन वेगळ्या कणांचा हिरवा हवा आहे, एक निळा आणि एक पिवळा, शेजारी शेजारी. म्हणून गेल्या दसऱ्याला उतरवलेल्या तोरणांतल्या झेंडूचा लेक, म्हणजे वनस्पतीच्या रंगाची न विरघळणारी पूड, केला. (कृती सहाव्या नोंदीत आहे: पाकळ्यांचा काढा, त्यात तुरटी, मग धुण्याच्या सोड्याचं पाणी थोडं थोडं.) निळीचीही एक कथा झाली. ‘शुद्ध नैसर्गिक नीळ’ म्हणून मागवलेली पहिली पुडी कपड्यांना घालायची नीळ निघाली. आता मी कोणाचीही नीळ आली की चिमूटभर जुन्या चमच्यात, गॅलरीत उभं राहून तापवते. खऱ्या निळीतून जांभळी वाफ निघते. तमिळनाडूहून आलेल्या वडीतून ती निघाली आणि त्या वडीवर मी बेहद्द खूश आहे. जवसाच्या तेलात घोटायला तिला दीड तास लागतो, पण काचेवर पातळ ओढली की असा काही हिरवट-काळा निळा दिसतो की म्युलर (रंग घोटायचा बत्ता) खाली ठेववत नाही. व्हर्मीरच्या काळात डच ईस्ट इंडिया कंपनी सुरतेहून नीळ नेत असे आणि कंपनीच्या सहा चेंबरांपैकी (शाखांपैकी) एक त्याच्या डेल्फ्टमध्येच होतं. त्याची नीळ नेमकी कुठली, हा वेगळा प्रश्न. पण घोटताना सुरत डोळ्यांपुढे येतेच.

आता खरी अडचण. पट्टी १ ते ५ : ग्लेझ काळ्यावर टिकेचना. ब्रशने ओढलं की अर्ध्या मिनिटात ते फाटायचं आणि अळवाच्या पानावरच्या पाण्यासारखे थेंब गोळा व्हायचे. मी ग्लेझमध्ये तेल वाढवलं, मग कमी केलं, मग टर्पेन्टाइन घातलं. काही फरक नाही. दोष ग्लेझमध्ये नव्हताच. खालचा काळा मी बोन ब्लॅकचा, म्हणजे हाडांच्या कोळशाचा, केला होता. तो तेल खूप पितो, वाळायला वेळ घेतो आणि वाळल्यावर माझ्या थराला काचेसारखी तुकतुकी आली होती. सहाव्या पट्टीपासून काळ्यात रॉ अंबर (तपकिरी मातीचा रंग) घातला. अंबरमधल्या मँगनीजमुळे तेल लवकर वाळतं, आणि पृष्ठभागही जरा मुका झाला. सातव्या पट्टीवर बोहरी आळीतून आणलेली प्यूमिसची (घासायच्या सच्छिद्र दगडाची) बारीक पूड ओल्या फडक्याने फिरवली. आठवीवर जुन्या पेंटरांची युक्ती केली : कांदा मधोमध कापून त्याची ताजी बाजू थरावर चोळली, सुकू दिली आणि मग ग्लेझ. एक थेंब गोळा झाला नाही! प्यूमिसने ओरखडे राहतात, कांद्याने राहत नाहीत. घरभर वास येतो, तो संध्याकाळपर्यंत जातो.

तर आठव्या पट्टीवर, १९ जुलैला, पहिल्यांदा पडदा दिसला. खिडकीकडे तिरपी धरली की हिरवी, समोरून बघितली की जवळजवळ काळी. मी ती पट्टी घेऊन घरभर फिरले.

पण ती वाळेना. आठवडा, दोन आठवडे, तीन. बोट लावलं की ओढ लागायची आणि धूळ चिकटायची. मी पावसाला दोष दिला. पुण्यात जुलै-ऑगस्टमध्ये तेलरंग सावकाश वाळतात, हे आपल्या सगळ्यांच्या अनुभवाचं. खोक्यात साठ वॅटचा बल्ब लावून नववी आणि दहावी पट्टी ठेवली. वरून साय धरली, आतून ओलं. अकरावीत नीळ निम्मी केली, बारावीत जुन्या बाटलीतलं तेल बदलून नवं घेतलं. चिकटच. शिवाय पिवळा आता मातकट नारिंगीकडे झुकायला लागला होता आणि ते मला जास्त लागलं. व्हर्मीरचा हिरवा मरायला साडेतीनशे वर्षं लागली, माझा महिन्यात मरत होता.

या वाट बघण्याच्या दिवसांत व्हर्मीरचं चरित्र पुन्हा काढलं. १६६३ च्या ऑगस्टमध्ये मोंकोनी नावाचा फ्रेंच प्रवासी डेल्फ्टला त्याच्याकडे गेला, तर दाखवायला घरात एकही चित्र नव्हतं. चित्र बघायला मिळालं ते एका पाववाल्याकडे. पाववाल्याने त्याचे सहाशे लिव्र दिले होते आणि मोंकोनीने लिहून ठेवलं की चित्रात एकच आकृती आहे, सहा पिस्तोलही (सोन्याची नाणी) जास्तच झाले असते. हा प्रसंग मी पूर्वी वाचला तेव्हा पैशांचा वाटला होता. या वेळी मी त्या रिकाम्या घरात अडकले. तो तेव्हा तिशीचा होता, सेंट ल्यूक गिल्डचा, म्हणजे चित्रकारांच्या संघाचा, प्रमुखही झालेला होता, आणि घरात विकाऊ काही नाही. आज त्याची जेमतेम ३७ चित्रं धरली जातात, बावीस वर्षांच्या कामाची. घरात पंधरा लेकरं जन्मली, त्यांतली अकरा जगली. सासू मारिया थिन्सच्या आधारावर संसार. १६७२ साली फ्रेंच फौजा आल्या आणि चित्रांचा बाजार बसला. डिसेंबर १६७५ मध्ये तो गेला तेव्हा ४३ वर्षांचा होता. बायको कॅथरिनाने पुढे अर्जात सांगितलं की युद्धात त्याचं काहीच विकलं जाईना आणि धडधाकट माणूस दीड दिवसात गेला. पाववाल्याची सहाशे गिल्डरांवर उधारी होती, तिच्यापोटी तिने दोन चित्रं त्याच्या हवाली केली. आणि ही मुलगी १८८१ मध्ये हेगच्या लिलावात दोन गिल्डर तीस सेंटना गेली.

ते वाचत बसले असताना भाचीच्या शाळेच्या प्रयोगवहीत लिटमस कागदाची पट्टी दिसली आणि एकदम लक्षात आलं. सोडा! तुरटी पुरेशी होती, पण रंग सगळा खाली बसावा म्हणून शेवटी मी सोड्याचं पाणी अंदाजाने जास्त ओतलं होतं, आणि गाळ दोनदाच धुतला होता. लेकची चिमूट पाण्यात कालवून तांबडा लिटमस बुडवला. निळा झाला. म्हणजे मी तेलात अल्कली घालून घोटत होते. तेल आणि अल्कली मिळून साबण तयार होतो, तो कसा वाळणार? आणि झेंडूचा पिवळा अल्कलीत नारिंगी होतो, हे तर काढा करतानाच डोळ्यांनी बघितलं होतं.

उरलेला सगळा लेक पुन्हा मोठ्या बरणीत. पाणी घालायचं, ढवळायचं, रात्रभर बसू द्यायचं, वरचं पाणी ओतून टाकायचं. नऊ वेळा. नवव्या पाण्यात लिटमस तांबडाच राहिला. गाळ मलमलीवर सावलीत सुकवला. उन्हात नाही, हा रंग उन्हाला भितो. आणि काय पिवळा आला! आधीचा हळदीच्या डागासारखा होता, हा उघड्यावर पिकलेल्या लिंबासारखा थंड. तेराव्या पट्टीला कांदा चोळायला विसरले, ती बाद. चौदावी सात दिवसांत वाळली, तीही भाद्रपदातल्या हवेत.

लावण्याची पद्धतही बदलली आहे. ब्रशने फक्त पसरवायचं (खारीच्या केसांचा मऊ ब्रश; सिंथेटिकचे दात उमटतात) आणि मग सुती बोळ्याने टिपत राहायचं. टिपल्याने थर पातळ आणि सारखा होतो. असे तीन थर.

पुढचा बेत असा होता की या रविवारी सगळ्या पार्श्वभूमीवर पहिला थर द्यायचा. पण लिहिता लिहिता वाटतंय की थांबावं. चुण्या मी ग्लेझच्या जाडी-पातळीने काढणार होते. पट्ट्यांवर ते फारसं दिसत नाही, कारण खाली सगळीकडे सारखाच काळा. त्याऐवजी काळ्यातच उजव्या वरच्या कोपऱ्यात दोन-तीन तिरपे करडे पट्टे उजळ ठेवले आणि त्यावरून एकसारखं ग्लेझ गेलं तर? कापड आपोआप वळेल. म्हणजे आणखी दोन पट्ट्या, पंधरा आणि सोळा, आणि रविवार गेला. चालेल.

दुसरं : चौदावी पट्टी मधोमध कापते आहे. एक अर्धी दक्षिणेच्या खिडकीत, दुसरी पुस्तकात. दर अमावास्येला शेजारी ठेवून फोटो काढेन. झेंडूचा पिवळा उन्हात किती दिवस तग धरतो ते कळल्याशिवाय खरं चित्र भिंतीवर लावणार नाही.

तोवर मुलीच्या डोक्यावरच्या निळ्या रुमालाची तयारी. रुमालाला लॅपिस या निळ्या दगडाचाच अल्ट्रामरीन (गडद निळा रंग) हवा, व्हर्मीरचा दगड आजच्या अफगाणिस्तानातून आला होता. १८२८ पासून कृत्रिम मिळतो आणि तो वाईट मुळीच नाही, पण त्याचे कण फार एकसारखे, रंग फार तार स्वरातला. पाच ग्रॅम खऱ्या लॅपिसची किंमत ऐकून दोन दिवस गप्प होते. कोणी अलीकडे घेतला असेल तर त्याची राख-करडी प्रत कशी आहे ते कळवा. सावलीच्या भागात ती चालली तर निळी पाच ग्रॅम उजेडाच्या बाजूला पुरतील.