डेरी: मार्टिन मॅकगिनेसच्या गावातून चक्कर, आणि जाणाऱ्यांसाठी थोडी माहिती

डब्लिनमधल्या आपल्या मंडळींची नॉर्दर्न आयर्लंडची ट्रिप म्हणजे जायंट्स कॉजवे, बेलफास्टचं टायटॅनिक म्युझियम आणि परत. डेरी कुणी करतच नाही. मला मात्र मार्टिन मॅकगिनेसमुळे, म्हणजे आयआरए या ब्रिटिश राजवटीविरुद्ध लढणाऱ्या सशस्त्र संघटनेच्या तिथल्या जुन्या नेत्यामुळे, तिथे जायचंच होतं, कारण ज्या माणसाला ब्रिटिश सैन्य आपला कट्टर शत्रू समजायचं तोच पुढे राज्याचा उपमुख्यमंत्री होऊन राणीशी हात मिळवतो, हे कसं घडलं ते त्या गल्ल्यांतून चालल्याशिवाय नीट कळत नाही असं माझं मत आहे.

आधी व्हिसाचं बघा. बॉर्डरवर कुणी थांबवत नाही, किलोमीटरच्या पाट्या जाऊन मैलांच्या आल्या की समजायचं यूकेत आलो. पण भारतीय पासपोर्ट असेल तर आयर्लंडचं रेसिडेन्स कार्ड असूनही यूकेचा व्हिसा लागतोच, "कोण बघतंय" म्हणून जाऊ नका. डब्लिनहून बस मोनाहन, ओमाहवरून साधारण चार तासांत पोचवते. बुकिंग करताना काही साइट्सवर डेरी सापडत नाही, लंडनडेरी टाकून बघा.

गावाची जुनी तटबंदी 1619 ची, फुकट आहे, दीडेक किलोमीटरचा फेरा. आधी तिच्यावरून चाला, कारण वरून खाली बॉगसाइड हा कॅथलिक मोहल्ला दिसतो आणि मॅकगिनेस तिथलाच, जन्म 1950 चा. पुढची शाळा कुठली ते ठरवणाऱ्या, अकराव्या वर्षी होणाऱ्या इलेव्हन प्लस परीक्षेत नापास, पंधराव्या वर्षी शाळा सुटली, मग खाटकाच्या दुकानात नोकरी. त्या काळात तो ब्रेंडन डडी नावाच्या माणसाच्या चिप्सच्या दुकानात बर्गर पोचवायचा, आणि हाच डडी पुढे वर्षानुवर्षं आयआरए आणि ब्रिटिश गुप्तहेर खातं यांच्यातला गुप्त दुवा होता! 1999 मध्ये मॅकगिनेस शिक्षणमंत्री झाला आणि ज्या परीक्षेत तो नापास झाला होता तीच बंद करायचा निर्णय त्याने घेतला, हे मला फार भारी वाटतं. आणि आपल्यासाठी एक खास गोष्ट, त्या भागात इंग्रजांचा खेळ समजल्या जाणाऱ्या क्रिकेटचा तो उघड चाहता होता.

खाली उतरलात की फ्री डेरी कॉर्नरची पांढरी भिंत, आणि जवळच म्युझियम ऑफ फ्री डेरी, त्याला दोन तास तरी ठेवा. 30 जानेवारी 1972 ला ब्रिटिश पॅराट्रूपर्सनी नागरी हक्कांच्या मोर्चातली 13 माणसं इथेच मारली, चौदावा नंतर गेला. मॅकगिनेस तेव्हा 21 वर्षांचा, डेरीच्या आयआरएत दुसऱ्या क्रमांकावर. त्या गोळीबाराच्या सरकारी चौकशीचा 2010 चा सॅव्हिल अहवाल म्हणतो की त्या दिवशी त्याच्याकडे बहुधा सबमशीनगन होती, पण सैनिकांनी गोळीबार करावा असं त्याने काहीही केलं नाही. गाईड घेऊनच फिरा, काही गाईड त्या दिवशी मेलेल्यांच्या घरचेच आहेत, मध्ये मध्ये बोलू नका, ऐका.

बॉगसाइडच्या भिंतींवरच्या मोठ्या चित्रांमध्ये, म्हणजे म्यूरल्समध्ये, शाळेच्या युनिफॉर्ममधली एक मुलगी आहे, 1971 मध्ये गोळीबारात गेलेली, 14 वर्षांची. तिच्या बाजूला बंदूक आहे, नळी जमिनीकडे. वर फुलपाखरू. चित्र काढलं तेव्हा बंदूक अखंड होती आणि फुलपाखरू बिनरंगाचं, शांतता टिकतेय असं दिसल्यावर चित्रकारांनी बंदूक मधोमध मोडलेली दाखवली आणि फुलपाखरात रंग भरले. मी तिथे बराच वेळ उभी होते.

पण फक्त बॉगसाइड बघून परत येऊ नका, हे मी हात जोडून सांगते. तटाच्या आतलं, सतराव्या शतकातल्या गावाच्या वेढ्यावरचं सीज म्युझियम आणि पलीकडचा फाउंटन हा ब्रिटनशी निष्ठा ठेवणारा छोटासा प्रोटेस्टंट मोहल्ला बघा, तिथे फुटपाथची कडही ब्रिटिश झेंड्यासारखी लाल-पांढरी-निळी आहे. 1990 मध्ये गावाजवळच्या कॉशक्विन या सैन्याच्या चेकपोस्टवर आयआरएने सैन्याच्या किचनमध्ये काम करणाऱ्या एका स्थानिक माणसाच्या घरच्यांना ओलीस धरून त्याला बॉम्बची गाडी चालवायला लावली, तो आणि पाच सैनिक गेले. अशा घरांतल्या लोकांना मॅकगिनेस शांतिदूत वाटत नाही, आणि त्यांचं म्हणणंही तितकंच खरं आहे. तो म्हणायचा की मी 1974 मध्ये आयआरए सोडली, ह्यावर फारसा कुणाचा विश्वास नव्हता. पण मला वाटतं त्याच्या शब्दाला वजन होतं म्हणूनच बंदुकवाल्यांनी ऐकलं, साध्या पुढाऱ्याचं ऐकलं नसतं. 1998 चा गुड फ्रायडे हा शांतता करार झाला तेव्हा शिन फेन या आयआरएशी जोडलेल्या पक्षाचा मुख्य वाटाघाटी करणारा हाच, आणि 2007 मध्ये ज्याने आयुष्यभर "नाही" म्हटलं त्या कट्टर प्रोटेस्टंट नेत्याबरोबर, इयन पेस्लीबरोबर, सरकार चालवलं, ते सुद्धा दोघं हसत-खेळत!

त्याची कबर सिटी सेमेटरीत आहे, लोन मोअर रोडवरून आत जायचं, बॉगसाइडवरून वीसेक मिनिटं, पुढे चढ आहे, गुडघे दुखत असतील तर टॅक्सी करा. मार्च 2017 मध्ये त्याच्या अंत्यविधीला लाँग टॉवर चर्चमध्ये युनियनिस्ट, म्हणजे ब्रिटनसोबतच राहायच्या बाजूच्या, नेत्या आर्लीन फॉस्टर आल्या तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या होत्या. कबरीपाशी घरचे लोक येत असतात, सेल्फी नको. त्याचं घर शोधत फिरू नका.

हॅलोवीनला आणि ऑगस्टमधल्या अप्रेंटिस बॉइज या प्रोटेस्टंट संघटनेच्या परेडला हॉटेलं मिळणं अवघड होतं, त्यामुळे आधीच ठरवा. नॉर्दर्न आयर्लंडच्या बँकांच्या पाउंडच्या नोटा तिथेच संपवा, बाहेर त्या घ्यायला लोक कां कूं करतात. परतताना बेलफास्टची ट्रेन घ्या, दोनेक तास, डावीकडच्या खिडकीत बसा म्हणजे समुद्र दिसतो. आणि हाताशी वेळ असेल तर बेलफास्टमधल्या स्टॉरमाँटची, म्हणजे विधानसभेच्या इमारतीची, टूर करा, सहसा सोमवार ते शुक्रवारच असते, वेळ वेबसाइटवर बघून मगच निघा.