वीस मिनिटांची आमटी

बुधवारी संध्याकाळी कार्यालयातून परतताना मी नवी मुंबईतल्या सीवूड्सला, म्हणजे घराच्या स्थानकावर, उतरत नाही. गाडी तशीच पुढे बेलापूरला जाते, तेथे मी उतरतो, रिक्षाने दिवाळे गाव गाठतो आणि पाच बांगडे घेऊन पुन्हा मागे घरी येतो. या वळशात पाऊण तास मोडतो, आणि तरीही दार उघडताना मी घरच्यांना सांगतो की आज काहीतरी झटपट करू. नारळ घातलेली बांगड्याची आमटी माझ्या मते झटपट पदार्थातच मोडते. गॅस पेटवल्यापासून टोप खाली उतरेपर्यंत तिला वीस मिनिटांहून अधिक वेळ लागत नाही. ही वीस मिनिटे कोठून मोजायची, याबद्दल मात्र आमच्या घरात एकमत नाही. पत्नीच्या मते घड्याळ नारळ फोडल्यापासून लावले पाहिजे आणि मिक्सरचे भांडे धुऊन पालथे घातल्याशिवाय ते थांबवता कामा नये.

तिचे म्हणणे अगदीच चुकीचे नाही, परंतु मासा स्वतः किती घाईचा असतो हे त्या हिशेबात बुडून जाते. जमिनीवरच्या जनावराला आपले वजन आपल्याच पायांवर पेलावे लागते, म्हणून त्याच्या मांसात चिवट धागे फार असतात आणि ते मऊ व्हायला मटणाला तासभर शिजावे लागते. माशाला पाणीच उचलून धरते. त्याचे मांस मुळातच नाजूक, धागे आखूड आणि त्यांना बांधणारा भाग थोड्याशा उष्णतेने विरघळणारा, त्यामुळे उकळत्या रशात पडलेला बांगडा पाच-सात मिनिटांत शिजतो आणि दहाव्या मिनिटाला कोरडा पडू लागतो. मटण आपल्यासाठी थांबते, मासा थांबत नाही. आमच्या गावी, मालवणकडे, आई माशाची आमटी चुलीवर चढवायची ती पाने मांडायला सांगूनच, आणि जेवायला उशिरा येणाऱ्यावर तिचा जो राग व्हायचा त्यात त्या माणसापेक्षा बांगड्याची काळजी अधिक असायची.

घाईचा दुसरा वाटा मासळीवाल्या मावशीच्या कोयत्याचा आहे. नवी मुंबई वसवणाऱ्या सिडको या सरकारी कंपनीची स्थापना 1970 सालची. तिने आखलेल्या शहराच्या आधीपासून दिवाळे हे कोळ्यांचे गाव आहे, आणि सेक्टरांच्या क्रमांकांतून तेथे शिरले की शहर एकदम ओल्या फरशीचे होते. मी डोळे पाहतो, कल्ले उघडून आतला लाल रंग पाहतो, पाठीवर बोट दाबून खळगा राहतो का ते पाहतो, आणि हे सर्व मावशी अशा चेहऱ्याने सहन करते की जणू मी तिच्या मुलीची पत्रिका मागितली आहे. "बघून झालं का दादा? डोकं ठेवू का काढू?" एवढेच ती विचारते. आमटीसाठी डोके ठेवायचे, कारण रशाला चव त्यातूनच येते. मग कोयत्यावर दोन मिनिटांत पाच बांगडे साफ होतात. हेच काम मी घरी केले होते तेव्हा अर्धा तास लागला होता आणि सिंकच्या जाळीत दोन दिवस वास राहिला होता. बांगडा तेलकट मासा आहे आणि तेलकट मासे लवकर बिघडतात, म्हणून तो आणला त्याच संध्याकाळी टोपात गेला पाहिजे. उद्यावर ढकलण्याचा हा मासा नव्हे.

खरा प्रश्न नारळाचा आहे, आणि तेथे मात्र वीस मिनिटांचा माझा दावा डळमळू लागतो. नारळ कानाशी नेऊन हलवायचा, आत पाणी मोकळे वाजले पाहिजे. तिन्ही डोळे कोरडे असले पाहिजेत, तेथे ओल किंवा बुरशी दिसली तर तो परत ठेवायचा. एवढे पाहूनही फसगत होते. एकदा घरी पाहुणे येणार होते, बांगडे हळद-मीठ लावून ठेवले होते, भात कुकरमध्ये चढला होता, आणि फोडलेला नारळ खवट निघाला. शेजारच्या इमारतीखालचे दुकान बंद, घरात सुके खोबरेही नाही. त्या संध्याकाळी पाहुण्यांना मी तळलेले बांगडे आणि वरणभात वाढला, आणि ते सौजन्याने म्हणाले की वा, तळलेलेच आम्हांला आवडतात. तेव्हापासून नारळ दुकानदाराकडूनच फोडून घेतो आणि त्याच्यासमोर तुकडा चाखतो.

फोडलेला नारळ खवावा लागतो, आणि आईच्या पिढीचा वेळ तेथे गेला. ती विळीच्या खवणीवर बसायची, एका पायाने पाट दाबून धरायची आणि करवंटी फिरवत राहायची; पाठीचा तपकिरी भाग खवला गेला तर आमटी काळपट दिसते, म्हणून पांढरे संपता संपता तिचा हात आपोआप हलका व्हायचा. मग पाटा-वरवंटा. आमटीचे वाटण "गंधासारखं" झाले पाहिजे असे ती म्हणायची, आणि ते तसे झाले की नाही हे बोटांच्या चिमटीत तपासायची. आम्ही मुले शाळेतून यायचो तेव्हा आमटी उकळत असायची आणि आम्हांला वाटायचे की ती आत्ताच, सहज झाली आहे. पदार्थ झटपट होता, फक्त त्याआधीचा तासभर आमच्या डोळ्यांआड झालेला असायचा.

मी तो तास रविवारवर टाकला आहे. चार नारळ एकदम खवतो, एकेका आमटीपुरते खोबरे डब्यांत भरतो आणि फ्रीजरमध्ये ठेवतो. गोठलेले खोबरे कोमट पाण्यात पाच मिनिटे ठेवले की मिक्सरला लागते. पाटा नाही, त्यामुळे गंध होत नाही, पण कोमट पाणी थोडे-थोडे घालून, मध्ये थांबून, दोनदा-तीनदा फिरवले तर त्याच्या जवळपास पोहोचता येते. अर्ध्या नारळाच्या खोबऱ्याला भिजवलेल्या सहा-सात बेडगी मिरच्या, चमचाभर धणे, थोडी हळद आणि अर्धा कांदा. लसूण मी घालत नाही. घालणाऱ्यांशी वादही घालत नाही.

नारळाच्या दुधाची पाकिटेही आता किराण्याच्या दुकानात सहज मिळतात आणि मी त्यांना नाक मुरडणाऱ्यांतला नाही, परंतु पाकिटाची आमटी ही वेगळी आमटी असते हे मान्य केलेले बरे. वाटणात खोबऱ्याचा चोथाही असतो, त्याने रस्सा दाट होतो, धरून राहतो आणि थोडी जास्त उकळी आली तरी सहन करतो. दुधात फक्त रस असतो, आणि तो फार नाजूक. नारळाचे दूध म्हणजे पाण्यात तरंगणारे तेलाचे बारीक थेंब. त्यांना प्रथिने सुटे-सुटे धरून ठेवतात. खळखळून उकळले की ही प्रथिने आकसतात, तेल वेगळे होते आणि रस्सा नासलेल्या दुधासारखा दिसू लागतो. त्यात आंबट पडले असेल तर आणखी लवकर. पाकिटातल्या दुधात ते फुटू नये म्हणून सहसा काही घातलेले असते, घरी काढलेल्या दुधाला तो आधार नसतो. हे मला पुस्तकातून कळले नाही. वरच्या मजल्यावर एक मल्याळी कुटुंब राहते. त्या घरच्या चेचींनी एकदा त्यांच्याकडची मीन मोली, म्हणजे नारळाच्या दुधातला मासा, वाटीभर पाठवली, आणि मी दुसऱ्याच आठवड्यात ती करायला घेतली. दूध काढले, मासे सोडले, सगळे दूध एकदम ओतले आणि मोठ्या आचेवर ठेवून फोनवर बोलत राहिलो. टोप पाहून चेचींनी पहिला प्रश्न विचारला तो असा की पहिले दूध कधी घातलेत. पहिले दाट दूध आणि खोबऱ्यात पुन्हा पाणी घालून काढलेले दुसरे पातळ दूध, हे दोन वेगळे ठेवायचे असतात. मासा पातळ दुधात शिजतो, आणि दाट दूध शेवटी, मंद आचेवर, उकळी न येऊ देता. मला हे माहीत असायला हवे होते, कारण आईही सोलकढीला उकळी येऊ देत नसे.

आमच्या आमटीत आंबटपणा कोकमाचा. माशाचा जो "मासळी" वास येतो तो ज्या द्रव्याचा असतो ते आंबटाने निष्प्रभ होते, त्यामुळे कोकम, चिंच, कैरी किंवा लिंबू यांपैकी काहीतरी किनाऱ्यावरच्या प्रत्येक घरी माशात पडते. केरळातल्या लाल रशात जी कुडंपुळी घालतात तीही आपल्या कोकमाचीच जवळची नातलग आहे. बांगड्याला याशिवाय तिरफळ हवे. ताजी असोत वा सुकी, सहा-सात तिरफळे, आतले काळे बी काढून टाकलेली आणि नुसती ठेचलेली. ती वाटणात वाटायची नाहीत, नाहीतर आमटी कडवट होते. तिरफळ तोंडात आले तर जीभ काही क्षण बधिर होते, आणि जेवताना ते ताटाच्या कडेला काढून ठेवायचे असते, हे कोणीतरी पाहुण्यांना आधी सांगितलेले बरे. आम्ही नेहमी विसरतो.

मग शेवटची वीस मिनिटे. पसरट टोपात वाटण, पाणी, मीठ आणि तिरफळे, फोडणी नाही. उकळी आली की कोकम, आणि पाठोपाठ बांगड्याचे तुकडे. येथून पुढे पळी घालायची नाही, टोपच दोन्ही बाजूंनी फडक्यात धरून हलकेच फिरवायचा, नाहीतर मासा मोडतो. पाच-सात मिनिटांनी गॅस बंद करून वरून चमचाभर खोबरेल. झाकण ठेवायचे आणि भात वाढायला घ्यायचा.

पत्नी उरणकडची. तिच्या माहेरी माशाचे कालवण करतात, आणि त्यात बहुधा खोबरे नसते: लसूण ठेचलेली, घरचा मसाला, चिंचेचा कोळ, वर कोथिंबीर. माझी आमटी पहिल्यांदा जेवली तेव्हा ती म्हणाली, "अहो, तुमच्याकडे मासा खोबऱ्यात बुडवून मारतात का?" तिचे कालवण माझ्या आमटीपेक्षा खरेच झटपट होते, हे मला कबूल करावे लागते, कारण त्यात वाटणच नाही. शुक्रवारी आमच्याकडे कालवण असते, बुधवारी आमटी, आणि रविवारी ज्याचा आवाज मोठा त्याचे. सोमवार, गुरुवार आणि शनिवार घरात मासळी नाही; मंगळवार मध्येच कधी असतो, कधी संकष्टीने जातो. जून-जुलैत यांत्रिक होड्यांना समुद्रात बंदी असते, तेव्हा खाडीतले जे मिळेल ते किंवा सुके बोंबील, आणि मग श्रावण. त्यामुळे पावसाळा संपून बांगडा पुन्हा स्वस्त होतो तेव्हाच्या पहिल्या बुधवारी मी जरा जास्तच हौसेने बेलापूरला उतरतो.

या सगळ्या घाईत एक गोष्ट मात्र विचित्र आहे. वीस मिनिटांत होणारी ही आमटी त्या रात्री चांगली लागते, पण खरी लागते ती दुसऱ्या दिवशी सकाळी. रात्रभरात कोकम आणि तिरफळ रशात उतरतात, मीठ माशाच्या आतपर्यंत जाते, रस्सा आटल्यासारखा दाट होतो. सकाळी तो मंद आचेवर नुसता गरम करायचा आणि तांदळाच्या शिळ्या भाकरीबरोबर, उभ्याउभ्या, डब्याची घाई चालू असताना खायचा. त्यासाठी रात्री दोन तुकडे झाकून मागे ठेवावे लागतात, आणि तिघांच्या घरात पाच बांगडे घ्यावे लागतात. मावशी आता किती म्हणून विचारत नाही; मला येताना पाहून पाच उचलते आणि डोकी ठेवूनच कापायला घेते.