कवडीमोलानं नव्हे

गुलामांच्या व्यापाराचा विषय निघाला की एक प्रश्न ठरलेला असतो: "पश्चिम आफ्रिकेतल्या राजांनी आपलीच माणसं गोऱ्यांना कवडीमोलानं विकली ना?" तुम्हीही तोच विचारलात, म्हणून जरा सविस्तर सांगायला हवं. या वाक्यातले 'आपलीच' आणि 'कवडीमोल' हे दोन्ही शब्द चुकतात.

आधी कवडी घेऊ. भवानीच्या भुत्याच्या माळेत दिसते तसलीच बारीक कवडी आजच्या बेनिन देशातल्या उइदा गावात रोकड पैसा म्हणून चालायची. ती तिथल्या समुद्रात मिळत नाही, यायची मालदीवहून. मालदीवचे लोक उथळ पाण्यात माडाच्या झावळ्या सोडून ठेवत. त्यांना कवड्या चिकटल्या की झावळ्या ओढून काढत, कवड्या वाळूत पुरून आतलं मांस कुजू देत, मग धुऊन १२,००० चा एक अशा करंड्या बांधत. तांदळाच्या बदल्यात हा माल बंगालला जाई. तिथून डच आणि इंग्रज कंपन्यांची जहाजं तो नीरम (जहाज स्थिर राहावं म्हणून ठेवतात ते वजन) म्हणून तळाशी भरून युरोपला नेत. ॲमस्टरडॅम आणि लंडनला त्याचा लिलाव होई आणि गुलाम आणायला निघालेली जहाजं तो आफ्रिकेच्या किनाऱ्यावर उतरवत. अठराव्या शतकात या वाटेनं १,००० कोटींहून जास्त कवड्या गेल्या.

उइदाचा हिशोब पक्का होता. ४० कवड्यांची एक सर, तिला युरोपीय व्यापारी टोक म्हणत. पाच टोक म्हणजे २०० कवड्यांची एक गालिन्या. पोर्तुगीजांत या शब्दाचा अर्थ कोंबडी. वीस गालिन्यांचा, म्हणजे ४,००० कवड्यांचा एक काबेस, वजन साधारण साडेचार किलो. कवडी सडत नाही, सहसा फुटत नाही आणि खोटी पाडता येत नाही.

१६९४ साली 'हॅनिबल' जहाजाचा कप्तान टॉमस फिलिप्स इथे आला होता. त्यानं लिहून ठेवलंय की कवडी जितकी बारीक तितकी मागणी जास्त. कारण व्यापाऱ्याकडून ती वजनावर किंवा मापावर घेतली जाई आणि बाजारात मोजून खर्च होई. लहान-मोठीची किंमत एकच. धडधाकट पुरुषाला सुमारे १०० पौंड, म्हणजे ४५ किलो कवड्या पडत. नगाच्या हिशोबात चाळीस हजारांच्या आसपास. जहाजातला किमतीनं जवळजवळ निम्मा माल कवड्या आणि पितळी परातींचा असावा लागे, नाहीतर बाकीचा माल खपत नसे.

शिवाय व्यापार तिथल्या राजाच्या अटींवर चाले. उइदाला बंदर नाही. जहाज लांब नांगरून माल होड्यांतून फुटत्या लाटांमधून आणावा लागे. हे काम गोल्ड कोस्टचे (आजच्या घानाच्या किनाऱ्याचे) कसलेले नावाडी करत, तरी होड्या उलटत आणि माल बुडे. पुढे खाडी ओलांडून गाव चारेक किलोमीटर आत. वाटेत कवड्यांची पिंपं फोडून चोरी करायला हमाल पाचरी जवळ बाळगत, ही फिलिप्सचीच तक्रार. युरोपीयांचे किल्लेही गावातच, जहाजावरच्या तोफांच्या माऱ्याबाहेर. आधी राजाला सहा आणि दरबाऱ्यांना दोन गुलामांच्या किमतीएवढा कर कवड्यांत भरायचा, मग राजाची माणसं विकत घ्यायची, मग इतरांची.

आता 'आपलीच'. त्या काळी उइदाचा माणूस स्वतःला आफ्रिकन समजत नव्हता. तो हुएदा राज्याचा. शेजारचे अलाडा, दाहोमी, माही, ओयो त्याला परकेच. विकले जात ते बहुतेक युद्धातले कैदी, काही शिक्षा झालेले, काही पळवून आणलेले. १७२७ मध्ये दाहोमीच्या अगाजा राजानं हुएदा जिंकलं आणि काल विकणारे हुएदाचे लोक स्वतःच जहाजांवर चढवले गेले.

नकार देणारेही होते. पूर्वेकडच्या बेनिन राज्यानं (आजच्या नायजेरियात) सोळाव्या शतकात पुरुष कैदी परदेशी विकणं थांबवलं आणि ते दीर्घकाळ पाळलं. त्या राज्याकडे विकायला मिरी, हस्तिदंत आणि कापड होतं, राजाची पकडही घट्ट होती. काँगोच्या अफोन्सो राजाला ते जमलं नाही. त्यानं १५२६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहिलं, की तुमच्या मालाच्या लोभानं आमची प्रजा, अगदी सरदारांची मुलंसुद्धा, पळवली जातायत. विकायला आणलेला माणूस खरोखर कैदी आहे का, हे तपासायला त्यानं माणसं नेमली, पण व्यापार वाढतच गेला. शेजारचं राज्य कैदी देऊन बंदुका घेत असताना एकट्यानं हात आखडणं किती अवघड, हे लक्षात घ्यायला हवं. तरी विकणाऱ्या राजांना मी निर्दोष म्हणणार नाही.

पण एक गोष्ट या प्रश्नात नेहमी सुटते. युरोपीय व्यापारी कवड्या देत, आपल्या मालाच्या किमतीत त्या परत घेत मात्र नसत. माणसं बाहेर गेली, शिंपले आत राहिले. १८४५ नंतर हॅम्बुर्गच्या व्यापाऱ्यांनी झांझिबारच्या मोठ्या, स्वस्त कवड्या ओतल्या तेव्हा साठवलेल्या कवड्यांचा भाव कोसळला.

सगळ्या अटलांटिक व्यापारात सुमारे १ कोटी २५ लाख माणसं जहाजांवर चढवली गेली, त्यातली अंदाजे १८ लाख समुद्रातच मेली. 'हॅनिबल'वर उइदाहून चढवलेल्या ७०० पैकी सुमारे ३२० वाटेत गेले. फिलिप्सनं त्याचाही हिशोब मांडलाय: मेलेल्या प्रत्येकामागे जहाजमालकांचं साडेदहा पौंड नुकसान.