त्रिग्लावचं मॉडेल: उत्तर भिंत झाली, आता पठार

स्लोव्हेनियातल्या त्रिग्लाव पर्वताची उत्तर भिंत, म्हणजे उत्तरेचा उभा कडा, माझ्या पुठ्ठ्याच्या मॉडेलमध्ये अखेर उभी राहिली. प्रमाण 1:25,000, पुठ्ठा 2 मिमीचा, म्हणजे एक थर 50 मीटरचा. भिंतीखालच्या व्राता खोऱ्याचा तळ 1000 मीटरवर धरला. तिथून 2864 मीटरच्या माथ्यापर्यंत थप्पी साडेसात सेंटिमीटरच्या आसपास जाते. त्यातले चार सेंटिमीटर एकट्या भिंतीचे! नकाशावर तिथे कंटूर (समान उंचीच्या रेषा) इतके चिकटलेत की थरांच्या कडा जवळजवळ एकावर एक येतात. ट्रायासिक काळातल्या (वीस कोटींहून जास्त वर्षांपूर्वीच्या) या चुनखडीचे थर भिंतीत दिसतात, म्हणून पायऱ्या घासून अगदी गुळगुळीत केल्या नाहीत. पुट्टीही हात राखूनच लावली.

खरं काम दक्षिणेच्या पठारावर आहे. हरिश्चंद्रगडाच्या मॉडेलला मी आधी ओढे आखले होते. ओढे बसले की सोंडा आणि घळी आपोआप जागेवर येतात. इथे ती युक्ती चालत नाही. पावसाचं आणि बर्फाचं पाणी चुनखडी विरघळवत भेगांमधून थेट खाली उतरतं. त्यामुळे वर मोठमोठ्या उतारांवर ओढाच नाही, नुसते बंद खळगे. नकाशात ते आतल्या बाजूला दातरे असलेल्या बंद कंटूरने दाखवतात. बहुतेक खळगे 50 मीटरपेक्षा उथळ असल्याने माझ्या थरांत ते येतच नाहीत. गोल पटाशीने हाताने कोरतोय, आणि मॉडेलचा हाच भाग मला सगळ्यांत आवडायला लागलाय.

सात तळ्यांच्या खोऱ्यातलं पाणीही असंच गडप होतं आणि खाली सावित्सा धबधब्याला कड्यातून बाहेर पडतं. पुढे ते बोहिन्य तळं, सावा नदी, डॅन्यूब नदी असं करत काळ्या समुद्राला मिळतं. पश्चिमेचं पाणी मात्र सोचा नदीतून एड्रियाटिक समुद्राला. जलविभाजकाची (दोन्हीकडचं पाणी वेगळं करणाऱ्या सीमेची) लाल रेघ मी धारेवरून ओढली आहे, पण चुनखडीत पाणी जमिनीखालून धारेच्या पलीकडेही जाऊ शकतं. त्यामुळे ती तुटक ठेवली.

माथ्याखालच्या हिमनदीचा प्रश्न उरलाय. 1946 साली ती सुमारे 14 हेक्टर होती; आता एक हेक्टरही नाही. या प्रमाणात आजचा बर्फ जेमतेम चार मिलिमीटरचा ठिपका होतो. मी आजचाच ठिपका पांढरा रंगवणार आणि 1946 ची हद्द पेन्सिलने दाखवणार.

चुनखडीचा फिका राखाडी रंग कुणी जमवला असेल तर मिश्रण जरूर सांगा. माझा अजून सिमेंटसारखा दिसतोय.