वाराचं नाव सांगा

शाळेच्या सुवर्णमहोत्सवाच्या पत्रिकेत मुलींच्या मर्दानी खेळांचं, म्हणजे लाठी, तलवार, पट्टा या पारंपरिक शस्त्रखेळांचं, प्रात्यक्षिक आहे हे वाचून बरं वाटलं. स्मरणिकेत शाळेच्या आठवणी लिहिणारे पुष्कळ असतील. इथल्या मैदानावर वस्तादांनी मुलामुलींना जे एकाच रांगेत उभं करून शिकवलं, ते मात्र कागदावर फारसं कुणी उतरवलेलं नाही, म्हणून तेवढंच लिहिते. त्यातही एक तक्रार आहे. मुलगा मैदानात उतरला की माईकवरचा निवेदक खेळ सांगतो: पवित्रा बदलला, हूल दिली, शीर अडवलं. मुलगी उतरली की तोच निवेदक ‘रणरागिणी’, ‘वाघीण’, ‘साक्षात भवानी’ यांवर येतो आणि शेवटी ‘मुलगी असूनही!’ म्हणून टाळ्या घेतो. तिनं नेमकं काय केलं ते प्रेक्षकांना कळतच नाही. शब्द नाहीत म्हणावं तर तसंही नाही. या खेळाची आपल्याकडे भरपूर आणि नेमकी भाषा आहे.

सुरुवात पवित्र्यापासून. पवित्रा म्हणजे पायांची ठेवण आणि चाल, दोन्ही. पाय खांद्यांहून थोडे रुंद, पुढचा गुडघा वाकलेला पण अंगठ्याच्या पुढे न गेलेला, मागची टाच हलकी, भार चवड्यांवर. पाऊल उचलून टाकायचं नाही, जमिनीलगत सरकवायचं. वळण चवड्यावरच घ्यायचं. टाचेवर घेतलं की गुडघा पिळतो आणि दुखणं महिनोन्महिने पुरतं. नवशिक्याची ठरलेली चूक म्हणजे हात फिरत राहतात आणि पाय थिजतात. म्हणून पहिले काही आठवडे हातात काहीच द्यायचं नाही, दिलंच तर लाठी, आणि तीही उभी धरली तर कानापर्यंत येईल इतकीच. त्याहून लांब लाठी जमिनीला अडकते. मग ती सोडवून घ्यायला खांदे वर जातात, आणि ही खोड पुढे तलवारीतही राहते.

लाठीनंतर फरीगदगा. फरी म्हणजे लहान ढाल, गदगा म्हणजे चामडं चढवलेली काठी. वारांची नावं इथं तोंडात बसतात: शीर, तमाचा, बाहेरा, कमर, पालट, कडक. शीर डोक्यावर, तमाचा गालाच्या रोखानं, बाहेरा त्याच्या उलट अंगानं, कमर नावाप्रमाणे. तालमीगणिक नावं आणि क्रम थोडे बदलतात, त्यावर वाद घालण्यात अर्थ नाही. नाव मोठ्यानं उच्चारून मगच वार करायची जुनी रीत मात्र सोडू नये. मारणारीनं नाव घेतलं की अडवणारीला फरी कुठं न्यायची ते कळतं, आणि दोघींचा श्वासही सुटतो. श्वास रोखून केलेला चौथा-पाचवा वार हमखास ढिला पडतो.

आता तलवार. ‘मुलींना जड जाते’ हे वाक्य ऐकून ऐकून कंटाळा आला आहे. आपल्याकडच्या जुन्या तलवारींचं वजन साधारण ८०० ग्रॅम ते सव्वा किलो, म्हणजे लिटरभर पाण्याच्या भरल्या बाटलीच्या आसपास. हात दमतो तो वजनापेक्षा तोलामुळे. पातं आडवं करून बोटावर पेला. मुठीपासून चार-पाच इंचांवर तोल सापडला तर ती तलवार शाळकरी मुलगीही बराच वेळ फिरवू शकते. तोल सात-आठ इंचांवर गेला की टोक जड, मग मनगट दमतं आणि टोक खाली झुकतं. टोक झुकलं की धार वळते आणि वार पात्याच्या सपाट अंगानं बसतो. बाजारात मिळणाऱ्या शोभेच्या स्टीलच्या तलवारींचा दोष याहून वाईट असतो. त्यांचं पातं मुठीत नीट उतरलेलं नसतं, बारीक सळी जोडून दिलेली असते. जोरात फिरवताना ती मुठीपाशी तुटते आणि पातं प्रेक्षकांत जातं. मूठ कानाजवळ धरून हलवावी, खडखड आली की ती तलवार भिंतीवर टांगावी. जुन्या तलवारीत पातं मुठीत लाखेनं बसवलेलं असतं, ती लाख तडकली तरी तसाच आवाज येतो. फरक इतकाच की ही पुन्हा लाख भरून दुरुस्त होते.

मुठीचाही विचार हवा. जुन्या मुठी आखूड असतात. मोठ्या पंजाच्या पुरुषाची बोटं तिथं कोंबली जातात, मुलींचा पंजा मात्र नेमका बसतो. बोटांसमोरून जाणारी कमान म्हणजे परज, आणि मुठीच्या शेवटी गोल चकती. ही चकती मनगट फार मोकळं सोडत नाही. हातोडा मारल्यासारखं मनगट पुढे झटकलं की ती मनगटाच्या खाली, करंगळीच्या अंगाला रुतते. सरावानंतर तिथं निळा डाग दिसला तर ओळखावं की वार मनगटातून चाललाय. तो खांद्यातून सुटून कमरेनं खेचला गेला पाहिजे. वाकं पातं आदळायचं नसतं, लागताक्षणी मागं ओढायचं असतं. या ओढीतच कापण्याचं काम होतं, ताकद त्यात कमी लागते. शिकवणाऱ्यानं ही ओढ समजावली नाही तर मुली दंडाच्या जोरावर जातात, थकतात, आणि मग पुन्हा ते ‘जड जाते’चं पालुपद.

धार सरळ चालली आहे की नाही हे पाहायला काही कापायची गरज नसते. आवाज ऐकावा. पात्याला पन्हळ, म्हणजे लांबीभर जाणारी खोबण, असेल आणि धार वाराच्या रेषेत असेल तर बारीक, स्वच्छ शीळ येते. पातं तिरकं झालं की आवाज जाड होतो किंवा येतच नाही. मुठीवर बोटांच्या मधल्या पेरांची रांग धारेच्या रेषेत ठेवली तर बहुतेक काम आपोआप होतं. शाळेत तलवार बोथटच हवी, धारदार पात्याला शस्त्र कायदा लागू होतो आणि तो लागू व्हावाच. मोठ्या, तयार झालेल्या खेळाडूंनी धारेचा सराव केळीच्या खांबावर करावा, तिरका वार घेऊन. खांबाचा तुकडा जागच्या जागी घसरून पडला तर वार बरोबर. खांब आडवा झाला तर तो वार म्हणजे नुसता धक्का होता.

पट्ट्याकडे, म्हणजे हातावर चढवायच्या लांब तलवारीकडे, मात्र सावकाश यावं. पात्याची लांबी साडेतीन-चार फूट, पातं लवचिक, दोन्ही अंगांना धार, आणि हात कोपराच्या जवळपास खोबळ्यात बंद. आत आडवी मूठ, वर पट्टी. मनगट पूर्ण बांधलेलं असल्यानं सगळी हालचाल कोपर, खांदा आणि कमर यांतून येते. खोबळे बहुधा जाड हातांच्या मापाचे असतात. मुलीचा हात आत खेळत राहिला तर पातं स्वतःभोवती फिरतं आणि सपाट बसतं. सुती फडक्याची पट्टी हातावर गुंडाळून मगच हात आत घालावा, स्पंज वापरू नये, घामानं तो घसरतो. पट्टा फिरवताना इजा होते ती बहुतेक स्वतःलाच: डोक्यावरून पाठीमागं जाणारं पातं पोटरीला किंवा पाठीला लागतं. कारण एकच, कमर वळायच्या आधी हात वळला.

लिंबू काढणी सगळ्यांना आवडते. जमिनीवर लिंबू ठेवून पट्ट्यानं त्याची दोन शकलं करायची. निवेदकानं इथं प्रेक्षकांना एवढंच सांगावं की शकलं कुठं पडतात ते बघा. दोन्ही जागेवर राहिली तर धार सरळ होती. लिंबू उडून लांब गेलं तर ते कापलेलं नाही, टोलवलेलं आहे, मग टाळ्या कितीही पडोत. माती उडाली तर हात खाली आला, गुडघे नाही. उंची गुडघ्यांनी ठरवायची असते, खांद्यानं नाही. तळहातावर, मानेवर लिंबू ठेवण्याचे प्रकार शाळेच्या कार्यक्रमात नकोत. त्यात कौशल्य आहे, पण ते वर्षानुवर्षांच्या सरावाचं आहे आणि चुकीची किंमत दुसऱ्याला द्यावी लागते. आणखी एक, लिंबाचा रस पात्यावर राहिला तर सकाळपर्यंत डाग धरतो. कार्यक्रम संपला की आधी पाण्यानं धुवावं, कोरडं करावं, शिलाई मशिनच्या तेलाचा हात फिरवावा. खोबरेल नको, चिकट होतं. चामड्याच्या म्यानात ओलं पातं तर मुळीच नको.

वेशभूषेबद्दल थोडं कडकच लिहिते. नऊवारी दिसते सुंदर, पण रेशमी कासोटा खोल पवित्र्यात सुटतो. सुती लुगडं, आत तंग विजार, कमरेला घट्ट दोरी, पदर कमरेत खोचलेला, हे जमत असेल तरच नऊवारी. नाहीतर सलवार-कुडता आणि वर शेला. नथ काढायची. फोटोत छान येते हे मान्य, पण लाठीच्या टोकाला ती अडकली तर नाकपुडी फाटते. बांगड्या काढायच्या. वेणी मोकळी सोडायची नाही, अंबाडा घालायचा, पट्ट्याच्या मागच्या फेरीत वेणीच आधी सापडते. मंचावर गालिचा अंथरला असेल तर गुंडाळून ठेवायला सांगायचं, अनवाणी पाय त्यावर सरकतो. मुलींचं प्रात्यक्षिक बिघडतं त्यात या दागिन्या-गालिच्यांचा वाटा मोठा असतो, आणि ते ठरवणारे बहुधा खेळाडू नसतात.

आता भाषेकडे परत. ‘मर्दानी खेळ’ हे नाव बदला असं म्हणणं नाही. नाव रुळलेलं आहे, कोल्हापुरात ते पोरीही अभिमानानं घेतात. पण वर्णनात ‘मर्दासारखी’ आणण्याची गरज काय? आपल्याच भाषेत ‘पटाईत’ आहे, पट्ट्याच्या खेळातून आलेला, आणि तो स्त्री-पुरुष कुणालाही न बदलता लागतो. ‘ही पट्ट्यात पटाईत आहे’ एवढ्यात सगळं येतं. कावळा नाक्याजवळच्या पुतळ्यातल्या ताराराणींनाही हीच अडचण आहे. १७०० पासून मुघलांविरुद्धची लढाई त्यांनी चालवली. सेना कुठं पाठवायची, कोणता किल्ला सोडायचा आणि कोणता परत घ्यायचा, हे राजकारण त्यांचं होतं. आपण मात्र ‘भद्रकाली’ म्हणून मोकळे होतो. देवी म्हटलं की हिशेब विचारायचं कारण उरत नाही.

याउलट ऑलिंपिकमधली तलवारबाजी पाहा. तिथं फॉइल, इपी आणि सेबर अशी तीन शस्त्रं. सेबरमध्ये कमरेच्या वरच्या भागावर, डोकं आणि दंड धरून, धारेनंही वार चालतो, म्हणून आपल्या खेळाला ते सगळ्यांत जवळचं. पुरुषांचं सेबर १८९६ पासून ऑलिंपिकमध्ये आहे. बायकांना फॉइल १९२४ साली मिळालं, इपी १९९६ साली आणि सेबर थेट २००४ साली. शस्त्राच्या वजनाची मर्यादा दोघांना एकच: फॉइल आणि सेबर ५०० ग्रॅम, इपी ७७० ग्रॅम. ‘जड जाते’वाल्यांनी हे आकडे वहीत लिहून ठेवावेत. पंच फ्रेंचमध्ये बोलतो आणि गुण देण्याआधी काय घडलं ते क्रमानं सांगतो: हल्ला कुणाचा, अडवला कुणी, प्रतिवार कुणाचा. विशेषणाला तिथं जागाच नाही. खेळणाऱ्या स्त्रिया आहेत हे पंचाच्या तोंडून कळतं ते एकाच ठिकाणी. ‘तयार आहात का?’ हे पुरुषांना विचारताना शेवटचा शब्द ‘प्रे’ असा ऐकू येतो आणि दोघी स्त्रिया असतील तर ‘प्रेत’. मराठी मुलींना पहिल्यांदा ऐकून हसू येणारच, त्याला इलाज नाही.

चेन्नईची भवानी देवी ऑलिंपिकला पात्र ठरलेली पहिली भारतीय तलवारबाज. टोकियोत २६ जुलै २०२१ रोजी सेबरमध्ये तिनं ट्युनिशियाच्या नादिया बेन अझिझीला १५-३ असं हरवलं आणि पुढच्या फेरीत फ्रान्सच्या मनोन ब्रुनेकडून ७-१५ अशी हरली. २०२३ साली आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत तिनं कांस्यपदक घेतलं. तिच्या नावातच भवानी असल्यानं आपल्याकडच्या भाषणांत काय होतं ते सांगायला नको. १५-३ हा आकडा मात्र फारच थोड्यांना आठवतो.

महोत्सवाच्या निवेदकाला म्हणून विनंती, की आदल्या दिवशी सरावाला येऊन बसावं. मुलींकडून त्यांच्या क्रमाचा कागद घ्यावा: आधी कोणता पवित्रा, मग फरीगदग्यात कोणते वार, पट्टा कुणाच्या हातात, लिंबं किती. जो वार होईल त्याचं नाव घ्यावं, चुकला तर ‘सपाट बसला’ म्हणावं, मुलींना त्याचा राग येत नाही. माईकची वायर रिंगणाबाहेरून न्यावी. आणि पट्ट्याच्या वेळी स्वतः खेळाडूपासून निदान पंधरा फूट लांब उभं राहावं, कारण हात आणि पातं मिळून चारी बाजूंना सहा फुटांपर्यंत पोचतात, त्यात खेळाडू दोन पावलं सरकते, आणि मागं कोण उभं आहे हे तिला दिसत नसतं.